समीक्षकांचं कापलेलं वाक्य

समीक्षकांना मी बावीस वर्षं ओळखत होतो असं लोकांना सांगतो खरा, पण त्यांच्या घरी मी एकदाही गेलो नाही. ते गेल्याचंसुद्धा मला महिन्याने कळलं. ओळख होती ती त्यांच्या चेहऱ्याशी, तीही संकलनाच्या टेबलावर. आधुनिक चित्रकारांवर आमच्याकडे माहितीपट व्हायचे आणि प्रत्येकात समीक्षकांचं भाष्य असायचं. ते तासभर बोलायचे. मी त्यातली दोन मिनिटं ठेवायचो.

आधी चित्रकाराचं मनापासून कौतुक, मग घसा खाकरून त्याचं कुठे चुकलं ते, अशी त्यांची रीत. घसा खाकरला की माझी कात्री चालायची. बोलणं तोडलेलं दिसू नये म्हणून त्या जागी एखादं चित्र लावून द्यायचं. कुणाला पत्ता लागायचा नाही. त्यांना लागायचा. "पडद्यावर चित्र आलं की समजतो, इथे माझा गळा दाबलाय," असं हसत म्हणायचे.

बाहेर मात्र त्यांचं नाव 'गोडबोल्या' पडलं. एकदा मुलगी म्हणाली, "बाबा, तुम्हाला वाईट चित्र दिसतच नाही का हो?" हे मला सांगताना ते हसले नाहीत.

शेवटचा माहितीपट त्यांच्या चित्रकार मित्रावर होता. त्यात ते म्हणाले, "पहिली दहा वर्षं याने चित्रं काढली. पुढची तीस वर्षं त्याच चित्रांचे नुसते रंग बदलले." मग संकलनाच्या वेळी माझ्या शेजारी येऊन बसले.

"अहो, एवढं राहू द्या. सत्तरी उलटली माझी. मुलगी येणार आहे बघायला."

"ठेवतो," मी म्हणालो.

निर्माते भडकले. "चित्रं त्याच्याच घरच्यांनी दिलीत. खाल्ल्या घरचे वासे मोजायचे का?"

मी कापलं. नोकरी जाणार नव्हती. मला भांडता येत नाही, एवढंच.

माहितीपटाच्या पहिल्या खेळाच्या दिवशी ऐन त्या जागी एक मोठं निळं चित्र आलं. मुलीने त्यांच्याकडे पाहिलं. ते पडद्याकडेच बघत राहिले. मागून कुणीतरी म्हणालं, "गोडबोल्या तो गोडबोल्याच!"

बाहेर पायऱ्यांवर मी त्यांना गाठलं. शब्द जुळवत होतो, तोवर त्यांनीच विचारलं, "किती वाजले?"

"सव्वासात."

"मग साडेसातची बस मिळेल," म्हणाले, आणि मुलीच्या मागोमाग उतरून गेले.