कानाच्या परीक्षेची तयारी

हे मी तुम्हाला सांगतेय ते एका अटीवर. आमच्या घरी चहाला आलात तर हा विषय काढायचा नाही. तिथे तो तसाही निघतोच, तुमची मदत लागत नाही.

तर, मी शिकलेली बाई आहे. वनस्पतीशास्त्रात एम.एस्सी., वर बी.एड. हे मिरवायला सांगत नाहीये. पुढे जे झालं त्यात हाच पुरावा माझ्याविरुद्ध जातो. दोन इयत्ता कमी शिकले असते तर मी त्या दिवशी सरळ विचारलं असतं, "म्हणजे काय हो?" आणि हा किस्सा तिथेच संपला असता.

झालं असं. मनू, आमची मुलगी, वय वर्षं चार. तिच्या शाळेतल्या मॅडमनी डायरीत लिहून पाठवलं की ही हाक मारली तर पुष्कळदा वळून बघत नाही, एकदा कान दाखवून घ्या. आता चार वर्षांचं कुठलं मूल पहिल्या हाकेला वळून बघतं? माझा नवरा समीर म्हणाला, "मी छत्तीसचा आहे, मी कुठे बघतो?" पण माझ्या पोटात गोळा आला. तसा तो मनू शिंकली तरी येतो. लग्नात माहेरून आणलेल्या सामानातला असावा, कायमचा आहे.

इथे भोपाळला जवाहर चौकात कानाचे डॉक्टर बसतात. त्यांनी मनूच्या कानात बॅटरी मारून पाहिलं, एक औषध आणि नाकात मारायचा फवारा लिहून दिला आणि मागच्या खोलीत ऐकण्याची तपासणी करायला पाठवलं. तिथे एक तरुण मॅडम होत्या. काचेची एक छोटी खोली, आत एक टेबल, मनूच्या डोक्याला तिच्या डोक्याहून मोठा हेडफोन. खेळ सोपा. कानात "टूं" वाजलं की एक रंगीत कडी उचलायची आणि खुंटीत घालायची. मॅडम काचेच्या पलीकडे मशीनपाशी बसून बटणं दाबतात आणि लिहून घेतात. मी आत मनूजवळ.

तपासणी झाली. मॅडमनी कागद पुढे केला. त्यावर लाल गोल, निळ्या फुल्या आणि त्यांना जोडणाऱ्या रेघा.

"देखिए, लेफ्ट तो बढ़िया है. राइट का थ्रेशोल्ड थोड़ा एलिवेटेड आ रहा है. समझ रही हैं ना?"

"जी, बिलकुल," मी म्हणाले.

त्यानंतर त्या आणखी दोन-तीन मिनिटं बोलल्या. मी दर वाक्याला मान डोलवत होते, पण माझं लक्ष "एलिवेटेड"पाशीच अडकून राहिलं होतं. शेवटी त्यांनी विचारलं, "कुछ पूछना है?" आणि मी, एम.एस्सी., बी.एड., म्हणाले, "नहीं नहीं, सब क्लिअर है."

शिकलेल्या माणसाला हा आजारच असतो. थ्रेशोल्ड हा शब्द मी हजार वेळा वाचलाय. ओळखीच्या चेहऱ्यासारखा आहे तो. रोज दिसतो, हसतो, आणि नाव विचारायची वेळ कधीच निघून गेलेली असते.

स्कूटीवर शिवाजी नगरच्या आमच्या क्वार्टरपर्यंत येईतो शंका उकळायला लागली. घरी समीर जेवायला आला होता. तो एका सरकारी खात्याच्या संगणक विभागात आहे. मी सहज विचारल्यासारखं विचारलं.

"थ्रेशोल्ड वाढलाय? मग बढिया आहे की," तो वरण ओरपत म्हणाला. "आम्ही मुद्दाम वाढवतो. कमी ठेवला तर सिस्टिम येता-जाता बोंब मारते. वाढवला की फालतू अलार्म बंद."

सासरे, म्हणजे बाबा, वीज खात्यातून इंजिनिअर म्हणून निवृत्त झालेत. त्यांनी चष्मा कपाळावर घेतला. "लाइन तोडणाऱ्या रिलेचं तसंच असतं. थ्रेशोल्ड खाली असेल तर तारेवर चिमणी बसली तरी लाइन ट्रिप. वर असेल तर लाइन टिकते. मनूची लाइन मजबूत आहे."

सासूबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "थ्रेशोल्ड म्हणजे उंबरठाच ना? उंच उंबरठा केव्हाही चांगला. पावसाळ्यात गोम आत येत नाही."

आता तुम्हीच सांगा. तीन सुशिक्षित माणसं, तीन वेगवेगळ्या वाटांनी निघालेली, आणि तिघंही पोचली एकाच गावाला: वाढलेला थ्रेशोल्ड चांगला. यात कुठलाही कानाचा माणूस नव्हता, हे त्या आनंदात माझ्या लक्षात आलं नाही. पोटातला गोळा पहिल्यांदाच उठून बाहेर गेला. मी रव्याचा शिरा केला. आणि शिरा हलवता हलवता, दुसऱ्या हाताने, माहेरच्या ग्रुपवर टाकून दिलं: "मनूच्या कानाची टेस्ट झाली. राइटचा थ्रेशोल्ड हाय आला."

पाच मिनिटांत सोळा जणांचे अंगठे आणि फुलं. मोठ्या मामाने लिहिलं, "आजोळवर गेली." नागपूरच्या मावशीने विचारलं, "शाळेत पहिली का?"

मग मावशीच्याच मुलीचा, रेवतीचा, फोन आला. रेवती डॉक्टर आहे. दातांची, पण आहे.

"केतकी, तू ते ग्रुपवर काय टाकलंयस?"

"का गं?"

"अगं, थ्रेशोल्ड म्हणजे तिला ऐकू येणारा सगळ्यात बारीक आवाज. तो वर गेला म्हणजे उजव्या कानाला आवाज मोठा लागतोय. कमी ऐकू येतंय तिला. आणि आई इथे पेढे आणायला निघालीय."

शिरा लागला. खाली लागला म्हणतेय मी, करपला.

पुढची दहा मिनिटं मी हसण्यावारी नेणार नाही. मनू बाहेरच्या खोलीत ठोकळे रचत बसली होती, माझ्याकडे पाठ करून. मी दारात उभी राहून हळूच म्हटलं, "मनू." ती वळली नाही. आणखी थोडं मोठ्याने. नाही. तिच्या त्या दोन इवल्याशा वेण्यांकडे बघत मी उभी होते आणि मला वाटत होतं, किती दिवस झाले असतील? मी किती वेळा रागावले असेन हिला, ऐकत नाहीस म्हणून?

त्याच वेळी मॅडमना फोन करून विचारायला हवं होतं. नंबर कागदावरच होता. पण "सब क्लिअर है" म्हणून आलेली बाई फोनवर काय सांगणार, की मॅडम, सब अनक्लिअर है? पुन्हा तपासणी तीन आठवड्यांनी होती. एवढं मात्र मी ऐकलं होतं. आणि आमच्यासारख्या नोकरदार मराठी घरात वाढलेल्या बाईला परीक्षेची तारीख कळली की एकच गोष्ट सुचते.

तयारी.

दुसऱ्या दिवसापासून मी वर्ग सुरू केले. हसू नका, फ्रिजवर वेळापत्रक लावलं होतं. सकाळी शाळेआधी दहा मिनिटं, संध्याकाळी वीस, रविवारी उजळणी. समीरच्या मोबाइलवर "टूं" वाजवणारं ॲप घेतलं. खुंटी म्हणून उलटं लाटणं, बाबांच्या मुठीत धरलेलं. कड्या म्हणून माझ्या बांगड्या. हेडफोन समीरचा. बरोबर घातली की एक बेदाणा.

पहिले दोन दिवस मनू गोंधळली. मोबाइल माझ्या हातात, "टूं" वाजलं तरी ती आपली छताकडे बघतेय. मला राहवेना. मी बटण दाबलं की नकळत भुवया उंचावायचे. जरा पुढे झुकायचे. तिसऱ्या दिवशी मनूचं सगळं बरोबर यायला लागलं. चौथ्या दिवशी दहापैकी दहा.

"प्रगती आहे," मी समीरला म्हणाले.

बाबा लाटणं धरून बसले होते. म्हणाले, "केतकी, ती आवाज ऐकत नाहीये. तुझं तोंड बघतेय."

"बाबा, तिची एकाग्रता आहे ती."

"मी चौतीस वर्षं मीटर तपासले. रीडिंग घेणाऱ्याने काट्याला बोट लावायचं नसतं."

"तुम्ही लाटणं सरळ धरा ना," मी म्हणाले.

तीन आठवडे संपले. औषध मी वेळेवर दिलं, फवारा वेळेवर मारला, पण विश्वास माझा वर्गावर होता. तपासणीला बाबाही आले. ते बाहेर बाकावर बसले. मनू आणि मी काचेच्या आत.

आता पेच लक्षात घ्या. आवाज मनूच्या हेडफोनमध्ये. मला काहीच ऐकू येणार नाही. मग भुवया कधी उंचवायच्या? पण काच पारदर्शक होती आणि पलीकडे मॅडमचा हात दिसत होता. हात बटणाकडे गेला की मला कळायचं. मी ठरवून केलं नाही हो. देवाशपथ. माझ्या भुवया तीन आठवड्यांच्या सरावाने आपणहून कामाला लागल्या.

मॅडमचा हात हलला. भुवया वर. कडी खुंटीत.

हात हलला. भुवया वर. कडी.

इतकं सुरेख चाललं होतं की मला भरून आलं. मॅडमनी कागदाकडे पाहिलं, मशीनकडे पाहिलं, पुन्हा कागदाकडे. मग त्यांनी खांद्यावरून घसरलेली ओढणी वर घेतली. कडी खुंटीत. त्यांनी पाण्याची बाटली उचलली. कडी. त्यांनी नाक खाजवलं, जरा मुद्दामच, माझ्याकडे बघत. कडी.

त्या उठून दार उघडून आत आल्या.

"मैडम, मशीन मैंने कब की बंद कर दी है."

मी भुवया खाली घेतल्या.

"अभी तो मैं नाक खुजा रही थी. बच्ची ने वो भी सुन लिया?"

तेवढ्यात मनू, कानांवर हेडफोन असल्यामुळे, अख्ख्या दवाखान्याला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "आई, भुवई नीट कर ना. मला कळत नाहीये."

मॅडमना मराठी येत नव्हतं. पण मनूने बोट माझ्या कपाळाकडे केलं होतं, त्यामुळे भाषांतराची गरज पडली नाही.

मग मी सगळं सांगितलं. थ्रेशोल्ड समजला नव्हता इथपासून फ्रिजवरच्या वेळापत्रकापर्यंत. मॅडम ऐकत होत्या आणि ओठ दाबून धरत होत्या. शेवटी म्हणाल्या, "पर मैंने तो उस दिन पूरा समझाया था. सर्दी से कान के परदे के पीछे पानी जमा है, इसलिए कम सुन रही है, दवाई से उतर जाएगा. आपने कहा, जी. फिर कहा, जी. मैंने सोचा, चलो, एक तो मिलीं जो घबराईं नहीं."

त्या दिवशी दोन-तीन मिनिटं त्या हेच बोलत होत्या. मी ज्याला मान डोलवली ते हे होतं.

"अब आप बाहर बैठिए," त्या म्हणाल्या. "और अंकल को भेजिए."

बाबा आत गेले. मनूच्या समोर बसले आणि चेहऱ्यापुढे वर्तमानपत्र उघडून धरलं. अनुभवी माणूस. मला बाकावरून काच दिसत नव्हती. मी पायातल्या चपलेच्या पट्ट्याकडे बघत बसले. आतून कड्यांचा आवाज येतोय का म्हणून कान लावला. एक आला. मग बराच वेळ काही नाही. मग एक. या वेळी कोणीच काही दाखवत नव्हतं तिला. जे काय यायचं ते तिचं तिलाच येत होतं. मधली एक शांतता एवढी लांबली की मी मनातल्या मनात सगळे देव मोजून परत पहिल्यापासून सुरुवात केली.

दार उघडलं. मॅडमनी कागद माझ्यापुढे धरला आणि लहान मुलीला शिकवावं तसं बोट ठेवून सांगितलं. "ये लेफ्ट. ये राइट. दोनों एक जैसे. पानी उतर गया है. बच्ची को सब सुनाई देता है, धीमी से धीमी आवाज भी. समझीं?"

"नहीं," मी म्हणाले. "एक बार फिर से बताइए."

त्यांनी पुन्हा सांगितलं. मला पहिल्या खेपेलाच समजलं होतं. पण ते दोनदा ऐकायचं होतं.

डोळे पुसून मी फाइल घेतली. मॅडमनी खाली काहीतरी लिहिलं होतं, ते मी न वाचताच पिशवीत टाकलं. घरी समीरने वाचलं. तो आधी हसला, मग त्याने ते सासूबाईंना दाखवलं, मग फोटो काढून माहेरच्या ग्रुपवर टाकला. इंग्रजीत होतं, पण अगदी सुवाच्य, आणि मराठीत सांगायचं तर: "पुढच्या वेळी मुलीला आजोबांसोबत आत पाठवावे. आईने बाहेर थांबावे."

त्या अख्ख्या फाइलमधली सगळ्यांना कळलेली ही एकच ओळ. नागपूरपासून भोपाळपर्यंत कोणालाही तिचा अर्थ विचारावा लागला नाही.