संज्याच्या बापाला मारलेली हाक

"मॅडम, पॅच लावा आणि मोकळे व्हा," आमच्या ऑफिसचे साहेब म्हणाले.

"आणि आत नाना आहेत, त्यांचं काय?"

"आवाज येतोय ना त्यांचा? म्हणजे बरे आहेत."

माझं डोकंच फिरलं. चाळीसगावजवळच्या एका केळीच्या बागेत आम्ही उभे होतो. बागेचे मालक नाना आदल्या दिवशी सकाळी ठिबकचा व्हॉल्व्ह बघायला आत गेले ते बाहेरच आले नाहीत. बाग काही जंगल नव्हे, या टोकाला उभं राहिलं तर त्या टोकाची विहीर दिसते. पण मधल्या सरीत शिरलं की माणूस फिरून बांधावरच यायचा. आतून नानांचं खोकणं, व्हॉल्व्ह फिरवणं सगळं ऐकू येत होतं, माणूस मात्र दिसत नव्हता.

आम्ही वास्तवाचे रफूगार. आमचा संघ जुना आहे, देवपूरला ऑफिस आहे. रोजचं जग विणलेलं असतं आणि कुठेतरी ते उसवतं, तेव्हा आम्हाला बोलावतात. उसवणीत अडकलेल्या माणसाला वेळ कळत नाही, भूक लागत नाही. नानांच्या लेखी ते नुकतेच व्हॉल्व्हपाशी वाकले होते.

साड्यांचा रफूगार बाहेरचा दोरा वापरत नाही. त्याच साडीच्या काठातून धागा काढतो. आमचंही तसंच. त्या जागी रोज न चुकता घडणारी गोष्ट हा आमचा धागा. स्टँडवर कंडक्टरची आरोळी असते, देवळात घंटा असते. ती घडली की धागा हाताला लागतो, मग सुई चालते.

पॅच म्हणजे बाहेरगावहून तयार आलेला तुकडा. तो चिकटवला की फट दिसेनाशी होते, पण आत जे असेल ते आतच राहतं. धुळ्यातल्या एका ओसरीला असाच पॅच मारलाय, तिथे अजून दुपारी समुद्राचा वास येतो. धुळ्यात! आणि हे सगळं साहेबांना माहीत होतं. पूर्वी त्यांनी स्वतः सुई धरलेली. त्याचाच मला जास्त संताप येत होता.

"हेड ऑफिस लाइव्ह बघतंय," साहेब हळूच म्हणाले. बांधावर स्टँडला मोबाईल, शेजारी माईक. "जेवणाच्या सुट्टीआधी काम पूर्ण दिसलं पाहिजे."

"धागा काढायचा प्रयत्न तरी केलात का?"

"केला ना! बाई सकाळपासून हाका मारतायत. काही उपयोग नाही."

नानांची बायको, अक्का, बांधावर बसली होती. डोळे सुजलेले. साहेबांनी खूण केली तशी ती उठली आणि घशातल्या घशात म्हणाली, "अहो, ऐकलंत का? बाहेर या ना."

मी बघतच राहिले. "अक्का, रोज अशीच हाक मारता?"

तिने साहेबांकडे पाहिलं. "नई व माय. ह्या सायेब बोलनात, मोठा लोके आयकी ऱ्हायनात, चांगलं बोला."

अरे देवा! सकाळपासून त्या माउलीकडून पाठ केलेलं वाक्य म्हणून घेत होते. तिचा नवरा आत आणि यांना तिच्या अहिराणीची लाज!

"साहेब, सुई धरायची विसरलात तर विसरलात, पण धागा रोजच्याच हाकेतून निघतो, हेही विसरलात?"

"मॅडम, माईक चालू आहे."

"असू दे चालू! अक्का, जेवायची वेळ झालीय. रोज कशी हाक मारता, तशीच मारा."

"गाया येतीस त्याम्हा," अक्का पुटपुटली.

"शिव्या येऊ द्यात. एकही गाळू नका."

अक्काने पदर खोचला. दोन्ही हात तोंडाशी नेले.

"ओ संज्याना बाऽऽप! कथा मरी ऱ्हायनात? भाकरी थंडगार व्हई गई! तुमनी मोलकरीन शे का मी?"

पुढचं इथे लिहीत नाही. पण पहिल्याच हाकेला धागा माझ्या बोटाला लागला, ताठ आणि चांगला पीळदार. मी सुई घातली. अक्का थांबत नव्हती, मीही थांबले नाही. मधेच तिचा आवाज फाटला, रडूही फुटलं, पण शिव्या काही तुटल्या नाहीत.

शेवटचा टाका ओढला आणि केळीची पानं बाजूला सारत नाना बाहेर आले.

"उनू ना व! काय गाव गोळा करशी का?" मग आम्हाला पाहून चपापले. "हाई कोन लोके शेतस?"

"कोनी नई," अक्का म्हणाली. "हात धुवा आन् जेवाले बसा."

तिने बांधावर फडकं सोडून भाकरी वाढली. ते खाली मान घालून जेवत होते तेव्हा तिने मागून त्यांच्या सदऱ्याचं टोक मुठीत धरून ठेवलं होतं. नानांना ते कळलंही नाही.

साहेबांनी न वापरलेला पॅच हातात धरून फोटो काढून घेतला. त्यांचं कौतुक झालं. मला नोटीस आली: कामाच्या जागी अर्वाच्य भाषेला प्रोत्साहन दिलं म्हणून. बघा आता! माणूस परत आला, त्याचा त्यात उल्लेखसुद्धा नाही.

खुलासा मी दिला नाही आणि देणारही नाही. कामाला लागणाऱ्या नव्या मुलींना मात्र सांगते: फटीपाशी घरचं माणूस रोज जसं बोलतं तसंच बोलू द्या. आणि त्याआधी ऑफिसचा माईक बंद करा.