गाड्याखालचा राजा

“ए कुत्र्या, शब्द दे की!” अण्णा ओरडले आणि हातगाड्याला लाथ घातली.

कळंबचा आठवडी बाजार. अण्णा म्हणजे आमच्या गावचे पाटील. डोक्यावर मुकुट, कमरेला तलवार, केळ्याच्या हातगाड्याला टेकून उभे. त्याच गाड्याखाली मी, अंगावर पोतं ओढून.

नाटक जुनं, राजदरबारी. जत्रेत, मांडवात व्हायचं. यंदा अण्णांना ते बाजारात, एसटी स्टँडवर, पारावर करायची हुक्की आली. मांडवात माझ्यासारख्या प्रॉम्प्टरला लपायला विंग असते. बाजारात कुठली विंग? म्हणून गाडा.

राजाचं काम पाटलांच्या घराण्याचं. आजा राजा, बाप राजा, अण्णा राजा. आमची वस्ती वेशीबाहेरची. आमचा हात लागला की म्हणे मुकुट बाटतो. माझ्या तोंडचे शब्द मात्र त्यांच्या तोंडात चालायचे. अकरा वर्षं चालले. एकदा मला ठसका लागला, तर राजाबी भर दरबारात खोकला! मी एवढं घोकलं, की माकणीच्या धरणातले मासेसुद्धा दुसरा अंक म्हणायचे. खोटं वाटत असेल तर जाऊन विचारा. मला मात्र कधी कुणी विचारलं न्हाय, तू करतोस का राजा?

लाथ बसली. शब्द ओठावर होते. दिले न्हायत.

पोतं फेकलं. बाहेर आलो. गुडघ्याला केळ्याची साल. आणि राजाचं अख्खं स्वगत म्हटलं. आवाज असा लागला, की तुळजापुरात बैल बिथरले असतील. खरं सांगू? एका कांदेवाल्यानं तराजू थांबवला, एवढंच. टाळी एकबी न्हाय. गर्दीत आमच्या वस्तीतले दोघं होते. त्यांनी माना खाली घातल्या. लाथेपेक्षा तेच जास्त लागलं.

नाटकमंडळी जीपनं गेली. मी स्टँडवर. बाकड्यावर लई जागा होती, शेजारी कुणी टेकलं न्हाय. रात्री बायकोनंबी भाकरी पुढं सरकवली आणि चुलीकडं तोंड फिरवलं.

सकाळी अण्णांनी वस्तीच्या तोंडाशी गाडी थांबवली. उतरले न्हायत. काच खाली.

“झालं ते झालं. रविवारी तामलवाडीच्या पारावर प्रयोग हाय. तू झाडामागं बस. सावली हाय तिथं.”

“येतो. पण पारावर उभा राहणार, अण्णा. समोर.”

“आन मग शब्द कोण देणार मला?”

“पाठ करा.”