हात सैल सोड

जमिलाबी मणियारीण बांगड्या भरायला बसली की आधी तिचं तोंड सुरू व्हायचं आणि मग हात. उमरग्यात आणि आसपासच्या वीस-पंचवीस गावांत लग्नाचा चुडा म्हटला की तिलाच बोलावणं, असा चाळीस वर्षांचा लौकिक होता. बाईचा पंजा हातात घ्यायचा, अंगठा आत दाबायचा, चार बोटं गोळा करायची आणि म्हणायचं, "हात सैल सोड, बाई." मग नवऱ्यावरून नाहीतर सासूवरून एखादी चेष्टा काढायची. पोरगी हसली की हात सुटतो आणि सुटला की काच हाडावरून सरकते, एवढंच तिचं शास्त्र. जमिलाबी नुसता हात धरून माणूस ओळखते, असंही बायका म्हणायच्या. त्यातलं निम्मं तिनं स्वतःच पसरवलेलं होतं, पण तेवढं चालायचंच.

गेल्या वैशाखात प्रेमाबाईंच्या घरी लेकीचं लग्न होतं. उमरग्याजवळचंच गाव, घर खातंपितं. नवरीचा चुडा भरून झाला आणि घरच्या सुनेची पाळी आली. सून म्हणजे निकिता, माकणीची, लग्नाला दोन वर्षं झालेली. पंधरा दिवसांपासून ती कुणाशी बोलत नव्हती, जेवणही जेमतेम. तिला पुढं शिकायचं होतं, आणि नणंदेचं लग्न उरकल्यावर बघू, असं सासूनं सांगितलेलं. त्यामुळं पोरगी रुसून बसलीय, असं घरानं ठरवून टाकलं होतं. दोघी बायकांनी दंडाला धरून तिला जमिलाबीसमोर आणून बसवलं.

"हात सैल सोड, बाई," जमिलाबी म्हणाली. हात सुटला नाही. नवऱ्यावरून एक चेष्टा झाली, सासूवरून दुसरी झाली. सगळ्या खिदळल्या आणि निकिताची पापणीसुद्धा हलली नाही. पहिली बांगडी पिचली. लग्नघरात फुटली म्हणत नाहीत, म्हणून एक म्हातारी घाईनं म्हणाली, "वाढली, वाढली." दुसरी वाढली, तिसरी वाढली. चौथीच्या वेळी काच मनगटात घुसून रक्त आलं, तरी निकितानं हात मागं घेतला नाही. कुणीतरी मागून म्हणालं, "जमिलामावशी, आता तुमचं बी वय झालं की!" आणि सगळं अंगण हसलं.

जमिलाबीची कानशिलं तापली. मोठ्या मापाची जोडी काढायला तिनं निकिताचा हात सोडला आणि पेटीत वाकली. वर बघते तर हात जिथं सोडला तिथंच, हवेत. तिनं बोटानं तो थोडा खाली दाबला. जिथं दाबला तिथं राहिला. तिनं निकिताच्या डोळ्यांत बघितलं.

तिथं जमिलाबीला सगळं कळलं. रुसलेला हात तिनं आयुष्यात शेकड्यांनी धरला होता. रुसलेला हात उलट ओढतो, मूठ वळतो. हा तसा नव्हता. हा इकडं वाकवा की तिकडं, सारखाच जड, आणि ठेवाल तसा राहणारा. असा हात तिनं एकदाच पाहिला होता, सख्ख्या नणंदेचा, वीस वर्षांपूर्वी. गुलबर्ग्याच्या डॉक्टरनं तेव्हा सांगितलं होतं, हा नखरा नव्हे, मेंदूचा आजार आहे, औषधानं सुटेल. आणि सुटलाही होता. ती नणंद आज नातवंडं खेळवते.

हे सगळं जमिलाबीला त्या घटकेला आठवलं. आणि तरी ती काय बोलली? चार बांगड्या वाढल्या होत्या, बायका हसत होत्या, चाळीस वर्षांच्या कसबाचं हसं होत होतं. ती मान उंच करून म्हणाली, "हात मनाचा असतो, प्रेमाबाई. हिचं मन तुमच्या घरात न्हाय, म्हणून हात सुटंना. माझ्या बांगड्यांचा काय दोष?"

प्रेमाबाईंचं तोंड उतरलं. जमिलाबीनं मोठ्या मापाच्या दोन बांगड्या कशाबशा चढवल्या आणि पुढच्या बाईचा हात धरला.

लग्न उरकून आठवडा झाला नाही तोच निकिताला माकणीला पोचवलं. ते कळलं तेव्हा जमिलाबी मनाशी म्हणाली, आईबापाकडं गेली, म्हणजे ते बघतील. आपण कोण? आपण बांगड्या भरणारी बाई. असं तिनं स्वतःला पुष्कळ समजावलं. पण तेव्हापासून चुडा भरताना तिची चेष्टा कमी झाली. मुलगा तौसिफ म्हणाला, "अम्मी, दुकानात बस आता, गावं हिंडू नको." तिनं ते मनावर घेतलं नाही. घरी बसलं तर तो हवेतला हात समोर दिसायचा, म्हणून ती हिंडत राहिली.

श्रावणात ती माकणीच्या बाजारात पेटी मांडून बसली होती. निकिताची आई मल्लम्मा, तिचं जुनं गिऱ्हाईक, समोर येऊन बसली आणि लेकीसाठी हिरव्या बांगड्या दाखवा म्हणाली.

"कशी हाय निकिता?" जमिलाबीनं विचारलं. आवाज तिचा तिलाच ओळखू आला नाही.

"आता बरी हाय," मल्लम्मा म्हणाली. "पर काय सांगू मावशी, दीड महिना पोर लाकडावानी पडून हुती. घास तोंडात घातला तर तोंडातच. पाठीला जखमा झाल्या. कुणी म्हणलं बाहेरचं हाय, तिकडं नेलं. मग गावच्या दवाखान्यातल्या आशाताईच्या सांगण्यानं धाराशिवच्या डॉक्टरकडं नेलं. सुई टोचली आन् घंट्याभरात पोर म्हणली, आई, पाणी दे. एवढंच औषध हुतं बघा. दीड महिना माझी लेक त्या एका सुईवाचून सडली."

जमिलाबीचा हात पेटीतच राहिला.

"जावई तर बहिणीच्या लग्नाच्या आधीपासनं म्हणत हुते दवाखान्यात न्यू," मल्लम्मा सांगत होती. "पर कुण्या बाईनं म्हणं भर मांडवात सांगितलं, हिचं मन नांदायला न्हाय. मग त्यांचंबी मन फिरलं. आता सोडचिठ्ठीचं बोलाय लागलेत."

ती बाई म्हणजे आपण, हे सांगायला जमिलाबीनं तोंड उघडलं आणि मिटलं. लाज वाटली, भीती वाटली, आणि भीतीच जास्त होती. मल्लम्मा उठून गेल्यावर मात्र तिला स्वतःची शिसारी आली. तिनं तिथंच, भर बाजारात पेटी बंद केली आणि मिळेल त्या जीपनं उमरगा गाठलं.

दुसऱ्या दिवशी ती प्रेमाबाईंच्या दारात उभी राहिली. "माझी चूक झाली," ती म्हणाली. "तुमची सून आजारी हुती. मला वळखू आलं न्हाय. म्या बोलून गेले आन् तुम्ही धरून बसलात. पोरीचं मन तुमच्याच घरात हुतं. आता तिला घेऊन या."

बघा, इथंही तिनं एक शब्द खोटा घातला. ओळखू आलं नाही म्हणे! पण अर्धं का होईना, बोलली. प्रेमाबाई वाईट बाई नव्हती. भर मांडवात मान गेलेली, म्हणून ताठलेली. दिग्विजय, निकिताचा नवरा, आतून ऐकत होता. तो बाहेर आला आणि गाडीची किल्ली घेऊन उभा राहिला. मग प्रेमाबाई म्हणाली, "तुम्ही बी चला. तुमच्या तोंडानंच सांगा तिला."

माकणीला निकिता ओसरीवर मेथी निवडत बसलेली होती. वाळली होती, पण बोटं भराभर चालत होती. सासूला आणि नवऱ्याला बघून ती उठली, पदर सावरला. जमिलाबीनं सगळ्यांसमोर प्रेमाबाईंच्या दारातलंच बोलणं पुन्हा बोलून दाखवलं. मल्लम्मानं डोळे वटारले, तोंडाला आलेलं आवरलं.

निकितानं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "मावशी, मला त्या दिवशी सगळं ऐकू येत होतं."

ती पुढं बोलत राहिली.

"सगळ्यांना वाटतं मी नव्हतेच. मी होते. काच लागली ती कळली. हात मागं घे, हात मागं घे, असं मी आतून किती म्हणत होते, पण तो माझं ऐकतच नव्हता. तुम्ही माझ्या डोळ्यांत बघितलं तेव्हा मला वाटलं, ह्या बाईला कळलं. आता ही सांगेल." ती थांबली. "खरं सांगा मावशी. तुम्हाला कळलं होतं का?"

नाही म्हणणं किती सोपं होतं. कुणालाच पत्ता लागला नसता. प्रेमाबाईंनी सूनही नेली असती, मल्लम्मानं चहाही दिला असता, आणि म्हातारीची चूक म्हणून सगळ्यांनी ते पोटात घातलं असतं. पण पोरगी तिच्या तोंडाकडं टक लावून बघत होती, आणि आणखी एक खोटं गिळण्याइतकी जागा जमिलाबीच्या आत उरली नव्हती.

"व्हय," ती म्हणाली. "कळलं हुतं. माझ्या नणंदेचं असंच झालं हुतं. बायका मला हसल्या, म्हणून म्या तुझ्यावर ढकललं."

निकितानं मान हलवली. सासूकडं वळून तिनं विचारलं, "आत्याबाई, तुम्हाला माहीत होतं?"

"न्हाय ग बाई," प्रेमाबाई रडत म्हणाली. "देवाशप्पत न्हाय."

निकिता आत गेली. बाहेर आली तेव्हा खांद्याला पिशवी होती. आईच्या पाया पडली, सासूचा हात धरला आणि गाडीत जाऊन बसली. जमिलाबी मागच्या सीटकडं निघाली, तेव्हा निकितानं आतून दार ओढून घेतलं, जोरात नाही, नुसतं ओढून घेतलं. काचेतून ती शांतपणे म्हणाली, "तुम्ही एसटीनं या, मावशी."