पांढऱ्या डोळ्यांचा एगॉन

एगॉन त्सिल्केचे डोळे निळे, अगदी फिके निळे. तेव्हाच्या मूकपटांच्या फिल्मवर निळा रंग पांढराच उमटे, त्यामुळे पडद्यावर ते पांढरेफटक यायचे, बुबुळंच नसल्यासारखे. पोस्टात पार्सलं लावणाऱ्या ह्या गड्याला दिग्दर्शक हाल्बेने उचललं ते तेवढ्यासाठीच. चार वर्षांत नऊ चित्रपट: प्रेत, आंधळा, पुन्हा प्रेत. किंचाळायची हौस म्हणून अख्खं बर्लिन तिकीट काढायचं.

एगॉनचा मात्र जीव थाऱ्यावर नव्हता. गल्लीतल्या पोरांनी "भुताची पोर" म्हणून चिडवलं तेव्हापासून त्याची सहा वर्षांची लोटे त्याच्या जवळच येईना. बाप घरात शिरला की ही आईच्या मागे. एकदा तरी पडद्यावर साधा माणूस व्हायचं आणि पोरीला ते दाखवायचं, एवढंच त्याने डोक्यात घेतलं.

कॅमेरावाला बोर्खर्ट भला माणूस. तो कॅमेऱ्याशेजारी काळी मखमल टांगायचा. "हिच्याकडे बघ, डोळ्यांतल्या काळ्या बाहुल्या मोठ्या होतील." एगॉन डोळ्यांत पाणी येईस्तोवर बघायचा. "मखमल झिजली रे," बोर्खर्ट म्हणायचा, "तुझं भूत काही हलत नाही!"

मग सगळे रंग टिपणारी नवी फिल्म निघाली. महाग, म्हणून हाल्बे तिला शिवेना. एगॉनने तीन आठवडे त्याचा पिच्छा पुरवला. जेवताना, ट्राममध्ये, न्हाव्याकडेसुद्धा! "एकच तुकडा माझा घ्या तिच्यावर, हाल्बेसाहेब!"

"घ्या रे बाबा एकदाचा, कटकट मिटवा!" शेवटी हाल्बे कॅमेरावाल्यांवर खेकसला.

दुसऱ्या दिवशी पडद्यावर एक माणूस कॉफी पीत हसत होता. डोळे कसे मऊ, मायाळू. "बघा! मी बघा!" एगॉन उड्या मारायचाच बाकी होता.

दिवे लागले. हाल्बे त्याच्याकडे वळला.

"छान दिसतोस. पण असे छान दिसणारे माझ्या दाराशी रोज तीस उभे असतात. आणि खरंच, ही फिल्म फारच सरस आहे. आता सगळं हिच्यावरच घेणार. मग तुझं काय करू मी?"

घ्या! आपल्याच हाताने पायावर धोंडा. पुढच्या चित्रपटाच्या यादीतून त्याचं नाव त्याच दुपारी गेलं.

फिल्मचा तो तुकडा घेऊन तो घरी आला आणि खिडकीशी धरून लोटेला दाखवला. पोरीने एक डोळा मिटून निरखून पाहिलं.

"पपा, आता भूत नाही ना व्हायचं?"

"नाही गं. आता कधीच नाही."

लोटे टुणकन त्याच्या मांडीवर चढली. त्याला रडू आवरेना. पोरीला वाटलं, भूत गेलं म्हणून पपांना आनंद झालाय.