आधी मेण

वालीवच्या कारखान्यात पंचवीस वर्षं काढलेल्या प्लासिडच्या कपाटात मायक्रोमीटरशेजारी मेणाच्या विटा असत. पापडीच्या चर्चमधल्या मेणबत्त्यांची उरलेली बुडं तो फादरांना विचारून घरी न्यायचा आणि डब्यात वितळवून विटा ओतायचा. कॉम्प्युटरवर चालणाऱ्या मशीनसाठी नवा प्रोग्राम आला की तो आधी मेणावर चालवायचा, मगच लोखंडावर. सगळे यावरून त्याची टर उडवत, पण गडी ढिम्म हलत नसे.

त्या सोमवारी पंपाचं एकुलतं एक ओतीव कास्टिंग भोकं पाडायला आलं. बिघडलं तर दुसरं यायला दोन महिने, आणि प्रोग्राम करणाऱ्या रचनाची महिन्याभरापूर्वीच लागलेली नोकरी तर हमखास जाणार. नव्या मशीनचा पोस्ट प्रोसेसर मालक एरॉलने अजून घेतला नव्हता. पोस्ट म्हणजे दुभाष्या. कॉम्प्युटरवर आखलेलं काम तो मशीनला कळेल अशा आकड्यांत सांगतो. रचनाने तो इंटरनेटवरून फुकटात उतरवला होता. पडद्यावर ड्रिल नीट फिरताना दिसत होतं, म्हणून एरॉल घाई करत होता.

"पडदा पोस्टच्या आधीचं दाखवतो," प्लासिड म्हणाला. "दुभाष्या काय बोलला ते मशीनवरच कळेल. आधी मेण."

कास्टिंगवर दोन भोकांच्या मध्ये उंचवटा होता. प्लासिडने विटेवर तसाच मेणाचा गोळा चिकटवला आणि बटण दाबलं. पहिलं भोक सुरेख पडलं. मग ड्रिल पुरतं वर यायचं ते जरासंच उचललं गेलं आणि सुसाट आडवं धावलं. गोळ्याचे तुकडे मशीनच्या दाराच्या काचेवर आपटले.

रचनाचा चेहरा पांढराफटक पडला. प्लासिडला मात्र मनापासून आनंद झाला. चूक मेणात सापडली की त्याला तो नेहमीच होई. ज्याने हा पोस्ट लिहिला त्याच्या मशीनवर तो बरोबरच चालत असेल, आपलं मशीन वेगळं आहे, असं त्याने तिला समजावलं. तासाभरात दोघांनी पोस्ट दुरुस्त केला. प्लासिडला आता इतकी खात्री वाटली की त्याने सरळ कास्टिंगच मशीनवर चढवलं.

बटणाकडे गेलेला त्याचा हात रचनाने धरला.

"अंकल, पोस्ट बदललाय. आधी मेण."

पंचवीस वर्षांत त्याला हे कुणी सांगितलं नव्हतं. क्षणभर त्याला रागच आला. मग त्याने कास्टिंग उतरवलं आणि कपाटाची किल्ली तिच्या हातात ठेवली. नवी वीट तिनेच लावली, गोळाही तिनेच चिकटवला. या वेळी गोळा शाबूत राहिला, आणि संध्याकाळपर्यंत कास्टिंगला सगळी भोकं पडली.

किल्ली प्लासिडने परत मागितली नाही.