आईचा हेल

माझ्या धाकट्या भावानं माझ्या आईला फसवलं. जिवंतपणी फसवायची त्याची छाती नव्हती. ती मेल्यावर, तिला अंघोळसुद्धा घालायच्या आधी फसवलं. जमिनीवरून फसवलं नाही, दागिन्यांवरूनही नाही. ते दोन्ही आमच्याकडे फारसं नव्हतंच. त्यानं तिचं रडणं बुडवलं.

हे वाचून कुणाला हसू येईल. येऊ दे. मी सोलापुरात जोंधळ्याचा व्यापार करते. नवऱ्याच्या नावावर नाही, बापाच्या नाही, स्वतःच्या. शेतकऱ्याशी भांडते, दुकानदाराशी भांडते आणि माझा भाव घेऊनच उठते. मार्केट यार्डात माझ्या माघारी मला काय म्हणतात ते मला ठाऊक आहे. व्यवहारात कुणी मला बुडवलं तर मी त्याच्या दारात बसून वसूल करते. हे एक मात्र वसूल होत नाही.

आईचं माहेर वळसंगचं. त्या बाजूला मेलेल्या बाईपुढं बायका हेल काढून रडतात. तो नुसता आरडाओरडा नसतो. सूर धरून, एकमेकींच्या गळ्यात पडून, गेलेल्या बाईचं सगळं आयुष्य सांगायचं असतं: कुठून आली, काय खाल्लं, काय खायला मिळालं नाही, कुणी जीव लावला, कुणी हात उगारला. बाहेर पुरुष बांबू आणि लाकडं बघत असतात. त्यांना सगळं ऐकू येतं आणि ऐकू न आल्याचं सोंग करावं लागतं, कारण मढ्यापुढं रडणाऱ्या बाईला गप्प करायचं नसतं. तेवढा एक वेळ ती सासूचं बोलू शकते, दिराचं बोलू शकते, गावच्या पाटलाचंही बोलू शकते. आमच्या घरातल्या बायकांविषयी मला जे माहीत आहे ते सगळं मी असंच ऐकलेलं आहे. माझ्या मामानं घराण्याची वंशावळ काढून, काच लावून भिंतीवर टांगली आहे. तिच्यात एक बाई नाही. पुरुषाला पुरुष झाला, त्या पुरुषाला आणखी तीन पुरुष झाले. मी मामाला विचारलं, "मामा, ह्यांना कळा कुणी दिल्या?" तर मामी पदरात तोंड लपवून आत गेली.

आई हेल काढण्यात पटाईत होती. शेजारच्या वस्तीवरची एक नवी सून विहिरीत सापडली तेव्हाचं मला आठवतं. मी लहान होते, आईच्या पदराला धरून बसले होते. सासरचे सगळ्यांना सांगत होते, पाणी काढताना पाय घसरला. आईनं त्या पोरीचं डोकं मांडीवर घेतलं आणि सूर लावला:

"पाय घसरला म्हंत्यात गं माझे बाई! तुझा पाय उंबऱ्याभाईर पडू दिला न्हाई, मग घसरला कुटं? का हिरीलाच पाय फुटलं, आन ती आली चालत तुज्यापशी?"

बाहेर बसलेला तिचा सासरा उठून रानाकडं चालता झाला. पुढं काही झालं नाही. पोलीस आले, चहा पिऊन गेले. पण त्या वस्तीवर त्या पोरीविषयी 'पाय घसरला' असं पुन्हा कुणी म्हटलेलं मी ऐकलं नाही. बायका म्हणत, "जिच्यापशी हीर चालत आली ती."

आई शाळेत गेली नव्हती. अक्षरं तिला माझ्याकडून कळली, मी मोठ्यानं वाचायचे तेव्हा. लग्नपत्रिकेत नावामागं 'सौ.' असं मी वाचलं की ती विचारायची, "सौ मंजे शंबर न्हवं? शंबर कुटं हाईत? मला एकच दिला, त्यो बी बसून खानारा." वडील गेल्यावर पत्रिकांवर गं. भा. यायला लागलं. गंगाभागीरथी. तेव्हा सोलापुरात नळाला आठवड्यातून एखाद्या दिवशी पाणी. कळशी कमरेवर घेऊन जिना चढताना ती म्हणायची, "गंगा बी मीच, भागीरथी बी मीच. मग पाणी भरायला दुसरी कोन येनार?"

वडील गिरणीत होते. गिरणी बंद पडली आणि ते ओट्यावर बसले, ते शेवटपर्यंत ओट्यावरच. आईनं चूल पेटवली. पातळ भाकरी थापून, भाजून, मग चुलीपुढं उभ्या करून पापडासारख्या कडक करायच्या, टोपलीत रचायच्या आणि एस.टी. स्टँडाबाहेर विकायच्या. जोंधळा आणायला ती मला बरोबर न्यायची. मूठभर दाणे तळहातावर घेऊन तोंड वाकडं कसं करायचं, हे मी तिच्याकडूनच शिकले. गल्लीत संक्रांतीच्या हळदीकुंकवाला बायकांनी तिला नाव घ्यायला लावलं. वडील खिडकीबाहेरच बसलेले. आई म्हणाली:

"गिरणीचा भोंगा थांबला, घरचा भोंगा वाजतो,
…रावांचं नाव घेते, त्यांचा संसार माझ्या तव्यावर भाजतो."

बायका इतक्या हसल्या की एकीच्या ताटातली हळद सांडली. वडील त्या रात्री जेवले नाहीत. आईनं त्यांच्या वाटणीची भाकरी टोपलीत घातली आणि दुसऱ्या दिवशी विकली.

आज त्या भाकरीचं दुकान आहे. भावानं वाढवलं, मी नाही म्हणत नाही. पाकिटं पुण्याला जातात. दुकानात वडिलांचा हार घातलेला फोटो आहे आणि खाली लिहिलंय 'संस्थापक'. आई त्या फोटोखाली बसून शेंगा निवडायची. मी चिडले की म्हणायची, "आसूं दे गं. जित्याला कोन बोलू देतंय? मी मेले की वळसंगची बोलंल सगळं."

वळसंगची म्हणजे तिची मैत्रीण. नात्यानं कुणी नाही. दोघी एका गल्लीत वाढल्या. आम्ही तिला मावशी म्हणतो. त्या दोघींचं ठरलेलं होतं की जी मागं राहील तिनं दुसरीचा हेल काढायचा. यावरूनसुद्धा त्या भांडायच्या.

आई म्हणायची, "आदी तू जा. तुजं मी झ्याक रडते."

"व्हय की! मी जाते, मंजे माज्या सुनंफुडं माजं सगळं उगडं करायला तू मोकळी."

"मग काय झाकून ठिवू? झाकायला तुजा नवरा हाय की."

आई आधी गेली. भावाच्या फ्लॅटमध्ये, पहाटे, झोपेत. मावशीला मीच निरोप दिला. गुडघे धरलेली म्हातारी, नातसुनेला बरोबर घेऊन जीपनं आली. मी तेव्हा आतल्या खोलीत कपाटातून आईचं ठेवणीतलं इरकल लुगडं शोधत होते. मला बाहेरून मावशीचा आवाज आला, "अगं माजे सई, यव्वा गंऽऽ, चुलीफुडं…"

आणि आवाज तुटला.

मी इरकल हातात घेऊन तशीच बाहेर आले. मावशी प्लास्टिकच्या खुर्चीवर बसली होती. हातात चहाचा कागदी कप. भाऊ तिच्या खांद्यावर हात ठेवून उभा. स्पीकरवर त्यानं मोबाईलमधला नामजप लावलेला, चांगला मोठ्यानं.

"तिला कुणी गप्प केलं?" मी विचारलं.

"अक्का, तमाशा नको. सोसायटी आहे ही. बँकेचे साहेब आलेत, शिकलेली माणसं आलीत."

"शिकलेली माणसं मरत नाहीत का रे? त्यांच्यापुढं कुणी रडत नाही?"

"रडा ना. नको कोण म्हणतंय? मनात रडा."

मनात रडा म्हणाला. मी त्याला जे बोलले ते सगळ्या जिन्याला ऐकू गेलं असेल. पण तोवर शववाहिका खाली येऊन उभी होती, ड्रायव्हर घाई करत होता, आणि आईला अंघोळ घालायची राहिली होती. मी तिच्या केसांवर पाणी घातलं. 'आई गं' एवढंच माझ्या तोंडातून आलं, त्यापुढं एक शब्द सुचला नाही. लेकीनं रडायचं असतं, सांगायचं मैत्रिणीनं. मावशीनं रिकामा कप खुर्चीखाली ठेवला, आईच्या पायाला हात लावला आणि ती परत गेली.

दहाव्याला चौकात श्रद्धांजलीचं डिजिटल बॅनर लागलं. वारलेली आई, आणि मोठा फोटो वडिलांचा. आईचा फोटो खाली, पासपोर्टचा असावा. 'कडक भाकरी व्यवसायाचे जनक यांच्या धर्मपत्नी, सुप्रसिद्ध उद्योजक यांच्या मातोश्री.' तिचं स्वतःचं नाव सगळ्यात बारीक अक्षरांत होतं. मग एका पुढाऱ्यानं माईक घेऊन श्रद्धांजली वाहिली. म्हणाला, गिरणी बंद पडल्यावर खचून न जाता आमच्या काकांनी भाकरीचा उद्योग उभारला आणि माउलींनी त्यांना खंबीर साथ दिली.

साथ. ती चुलीपुढं एकटी होती. साथ दिली कुणाला? धुराला?

मी उठणार तेवढ्यात सासरहून आलेल्या माझ्या जावेनं माझा हात घट्ट धरला. भाऊ पहिल्या रांगेत बसला होता आणि मान हलवत होता.

तेरावं झाल्यावर मी वळसंगला गेले. जाताना निवडक जोंधळ्याचं एक पोतं आणि एक चांगलं लुगडं घेतलं. मावशी ओट्यावर तुरीच्या शेंगा सोलत होती. मी तिला म्हटलं, "मावशी, त्या दिवशी जे म्हणणार होतीस ते आता म्हण. मी मोबाईलमध्ये घेते. मग बघते कोण काय बोलतंय ते."

"आसं कसं म्हनू? फुडं मढं लागतंय की."

"माझ्यापुढं म्हण. मी तिचीच लेक आहे. तिच्यासारखीच दिसते."

"तू जिती हाईस."

"तिचा फोटो आणलाय, तो ठेवते समोर."

"फोटूफुडं रडतंय व्हय कुनी?"

मी पोतं दाखवलं, लुगडं तिच्या मांडीवर ठेवलं. तिनं शेंगा बाजूला सारल्या आणि माझ्याकडं बघितलं.

"माज्यासंगं भाव करतीस व्हय गं?"

मी लुगडं तिच्या मांडीवरून उचलून पोत्यावर ठेवलं. यार्डात असं कधी होत नाही.

"आलं हुतं बग," ती म्हणाली. "हितं, गळ्यापत्तुर आलं हुतं. तुज्या भावानं च्या दिला. च्याबरूबर खाली गेलं."

"मग आता आठवत नाही?"

"आटवतंय की सगळं. आटवनं येगळं, येनं येगळं."

मग तिनं काय म्हणणार होती ते साध्या बोलण्यात सांगितलं, बाजारातली गोष्ट सांगावी तसं, मध्ये मध्ये शेंगा सोलत. त्यात एक गोष्ट मला माहीत नव्हती. माझं लग्न होऊन मी जेऊरला गेले होते तेव्हाची. ओट्यावर कुणीतरी वडिलांना 'भाकरवालीचा नवरा' म्हटलं. वडील आत आले आणि दिवसभराच्या रचून ठेवलेल्या भाकरी त्यांनी टोपलीसकट गटारीत ओतल्या. आई खाली बसली आणि वेचायला लागली, वरच्या कोरड्या राहिलेल्या एकीकडं, भिजलेल्या एकीकडं. शेजारच्या घरात, तिच्या नात्यातल्या बाईकडं, मावशी त्या दिवशी मुक्कामाला होती. तिनं दारातून बघितलं.

"ती एकली न्हवती येचत," मावशी म्हणाली. "तुजा भाऊ शाळंतनं आला. दप्तर टाकलं आन आयसंगं येचाय बसला. रडत हुता. आयला म्हनला, मी मोटा झालो की सगळ्यास्नी सांगीन."

मला वाटलं मावशीला आता रडू येईल, सूर लागेल. मी मोबाईल हातात धरून बसले होते. तिनं फक्त नाक पुसलं.

"त्या दिवशी माज्या खांद्यावर हात ठिवला न्हवं त्यानं," ती म्हणाली, "त्यो मी उटंस्तवर काडला न्हाई गं, आयचा पदर धरल्यावानी."

पोतं तिनं ठेवून घेतलं नाही. लुगडं तिच्या नातसुनेनं परत गाडीत आणून टाकलं. येताना मी वाटेत कुठंतरी गाडी थांबवायला सांगितली. ड्रायव्हरला वाटलं मला उलटी होतेय. मी रस्त्याच्या कडेला उभी राहिले, हेल काढायला तोंड उघडलं, आणि नुसती हवा बाहेर आली.

तेव्हा बाळा, माझ्या धाकट्या भावा, आता ऐक. मला वाटत होतं, आईनं काय सोसलं ते तुला माहीत नव्हतं. माहीत नसलेल्या माणसाला मी एकवेळ सोडून दिलं असतं. तू गटारीत हात घातला होतास. आईला शब्द दिला होतास. आणि ज्या दिवशी सांगायची वेळ आली त्या दिवशी तू स्वतः बोलला नाहीस ते नाहीसच, जी बोलत होती तिच्या हातात कप दिलास. लाज कुणाची वाटली? बापाची, आईची, का त्या दप्तर टाकून रडणाऱ्या पोराची?

मला फोन करू नकोस. बायकोकडून निरोप पाठवू नकोस, आणि त्या पुढाऱ्याला मध्ये घालू नकोस. मावशी अजून आहे, पण थकली आहे. वळसंगला जा, तिच्या ओट्यावर तिच्यासमोर खाली बस, आणि तिला गप्प का केलंस ते तिला तोंडानं सांग. मी शेजारी उभी राहणार आहे. मला उत्तर ऐकायचं आहे.